चोवीस पळांची रुसवडी

कोठीत सत्त्याण्णव कोनाडे होते. बावन्न कोनाड्यांत दगडासारख्या टणक वड्या होत्या, एकोणतीस कोनाड्यांत दात लावला तर उमटेल अशा, आणि आठांत बोटानं दबतील अशा. सहा कोनाडे रिकामे. शेवटच्या दोन कोनाड्यांत वड्या नव्हत्याच. तिथे दोन बरण्या होत्या, आणि बरण्यांत गूळ-नारळाचं तपकिरी, पातळ असं काहीतरी होतं. मी दोनदा मोजलं. बेरीज जुळली.

"वेणू, मोजून झालं असेल तर शिडीवरून उतर," खालून अनसाक्का म्हणाल्या. "पडलीस तर लोक म्हणतील, हिची वडी तर राहत नाहीच, आता घरी आलेलं माणूसही धड राहत नाही."

"आक्का, हे सहा कोनाडे रिकामे का?"

"उंदीर."

"आणि या बरण्या?"

त्यांनी हातातल्या दिव्याची वात उगाच पुढे सरकवली.

त्या वेळी मी तेवीस वर्षांची होते. राजधानीच्या विद्यापीठातून बाहेर पडून आडमाळच्या वेधशाळेत रुजू झाल्याला चार महिने झाले होते. वेधशाळा म्हणजे टेकडीवरची एक खोली, एक दुर्बीण, एक घटिकापात्र आणि माझ्याआधीच्या गृहस्थांची वही. अकरा वर्षं त्यांनी त्या वहीत रोज दोन गोष्टी लिहिल्या होत्या: आभाळ होतं की नव्हतं, आणि जेवायला काय होतं. ज्याच्यासाठी मला तिथे पाठवलं होतं त्या घटनेची त्यांची एक नोंद मला अजून पाठ आहे. 'आज धाकटी लपली. आमटी बरी होती.'

आकाशातल्या दोन चंद्रांना आडमाळात कुणी चंद्र म्हणत नसे. मोठ्या, तांबूस चंद्राला थोरली म्हणत आणि लहान, पांढऱ्या चंद्राला धाकटी. त्या दोघी जावा. सूर्य ही त्यांची एकुलती एक चूल, आणि एका चुलीवर दोघी म्हटल्यावर जे व्हायचं ते होई: वर्षातून एकदा, भर दुपारी, धाकटी रुसून थोरलीच्या मागे जाऊन बसे. ती दिसेनाशी झाली की गाव अंगणातल्या मोठ्या चुलीवर गूळ, नारळ आणि तांदळाची पिठी शिजवायला घेई. वासानं तिचा रुसवा जाई आणि ती दुसऱ्या बाजूनं बाहेर येई. ती दिसली रे दिसली की काहील, म्हणजे ती भलीमोठी कढई, चुलीवरून खाली. मग जे काही तयार झालं असेल ते परातीत थापायचं. हीच रुसवडी. दरवर्षीची एक वडी तूप लावून, पानात गुंडाळून कोठीत ठेवायची आणि बाकीची गावानं खायची.

म्हणजे धाकटी जितका वेळ लपली तितका वेळ ती वडी शिजलेली होती. अकरा वर्षांच्या वहीत जे नव्हतं ते सत्त्याण्णव वर्षांचं या भिंतीत होतं. हे लक्षात आल्यापासून मला रात्री झोप नव्हती.

अनसाक्कांनाही नव्हती, पण त्यांचं कारण निराळं होतं.

वडी जमली की नाही हे ठरवायची आडमाळची रीत अशी: गावचे प्रमुख चौरंगावर उघड्या डोक्यानं बसायचे आणि त्यांच्या डोक्यावर परात उपडी धरून वीस आकडे मोजायचे. काही गळलं नाही तर वडी जमली. अनसाक्कांच्या हातची वडी तेवीस वर्षं जमली होती. चोविसाव्या वर्षी विसोबा महाजनांच्या टकलावर नऊ थेंब पडले. पंचविसाव्या वर्षी, म्हणजे गेल्या वर्षी, 'एक' म्हणायच्या आतच सगळी परात रिकामी झाली. विसोबांच्या कानातून तीन दिवस खोबरं निघत होतं असं त्यांच्या बायकोचं म्हणणं होतं.

लागोपाठ तीन वर्षं वडी जमली नाही तर पळी दुसऱ्या घरात जाई. पळी म्हणजे चुलीशेजारच्या भिंतीवर टांगलेली ती पुरुषभर दांड्याची लोखंडी पळी. तिच्याबरोबर कोठीची किल्ली आणि गावातला मान. हे तिसरं वर्ष होतं आणि वडीचा दिवस नऊ दिवसांवर आला होता.

"सेहेचाळीस वर्षांपूर्वी ही पळी माझ्या सासूबाईंनी या घरात आणली," अनसाक्का म्हणाल्या. "तिकडच्या आळीतल्या लोकांची तीन वर्षं सलग फसली होती. सासूबाईंनी पहिल्याच वर्षी अशी वडी केली की लोणी म्हणावी. आणि दर वर्षाला आणखी घट्ट. त्यांचा हातच तसा होता. माझ्या हाताला काय झालंय कोण जाणे. गूळ बदलून पाहिला, लाकूड बदललं. गेल्या वर्षी तर उपासही केला."

"आक्का, मला या वड्या मोजायच्या आहेत."

"मोजल्यास की आत्ता."

"तशा नाही. किती टणक आहेत ते."

मी पिशवीतून दाभण काढलं. पोती शिवायचं साधं दाभण, डोक्याला शिशाचा गोळा बांधलेला. वीतभर उंचीवरून ते वडीवर सोडायचं आणि किती रुतलं ते पट्टीनं पाहायचं. कोठी झऱ्याजवळ टेकडीच्या पोटात खोदलेली होती; बारा महिने ओल सारखी, गारवा सारखा. वयाप्रमाणे वड्या थोड्या वाळल्या असणार, पण तेवढी वजावट मला करता येत होती.

अनसाक्कांनी दाभणाकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"माझ्या सासूच्या वडीत दाभण खुपसणार तू."

"एकदाच. बारीक भोक पडेल."

त्यांनी थोडा विचार केला. "खुपस," त्या म्हणाल्या. "पण त्यांच्या कोनाड्याकडे तोंड करून आधी हात जोड."

सहा दिवस मी त्या कोठीत होते. एक्याऐंशी आणि आठ, एकोणनव्वद वड्यांना भोकं पाडली आणि प्रत्येकीचा आकडा कागदावर मांडला. सहाव्या दिवशी कागदावर जे दिसलं ते पाहून मी शिडीच्या पायरीवरच बसून राहिले.

त्याच वेळी दारात चिंगूमावशी येऊन उभी राहिली. तिकडच्या आळीतली ती हीच. पळी आक्कांच्या घरातून गेली तर हिच्याच घरात जाणार होती.

"काही नाही हो," चिंगूमावशी म्हणाली. "किल्ली कुठल्या खुंटीला असते तेवढं बघून जाते. पुढच्या आठवड्यात शोधाशोध नको."

"खुंटी दाखवते, ये," अनसाक्का म्हणाल्या. "तुझ्या आजीनंच ठोकलेली आहे. म्हणूनच हलते."

"मावशी, जरा थांबा," मी म्हटलं. "हे रिकामे सहा कोनाडे कुठल्या वर्षांचे आहेत?"

"उंदरांना विचार," अनसाक्का म्हणाल्या.

"चार, पाच, सहा. आणि पन्नास, एक्कावन्न, बावन्न. उंदरांनी तीन-तीन वर्षं लागोपाठची बरोबर निवडून खाल्ली?"

मी कागद दिव्याखाली धरला. टणकपणाची रेघ उंच चढत होती, उतरत होती, रिकाम्या कोनाड्यांशी तळाला जाऊन पुन्हा चढत होती. एका तळापासून दुसऱ्या तळापर्यंत सेहेचाळीस वर्षं. दुसऱ्या तळापासून सेहेचाळीस मोजली की बोट नेमकं त्या दोन बरण्यांवर येत होतं, आणि येऊ घातलेल्या वर्षावर.

"म्हणजे काय?" अनसाक्कांनी विचारलं.

मी स्वयंपाकघरातून एक ताट आणि एक लिंबू आणलं. ताट ही थोरली, लिंबू ही धाकटी. लिंबू ताटाच्या मधोमध मागून नेलं. "असं गेलं तर किती वेळ दिसत नाही? पुष्कळ. दोन घटिका. वडी दगड होते." मग लिंबू ताटाच्या काठामागे जेमतेम झाकलं जाईल असं वरून नेलं. "आणि असं?"

"लगेच बाहेर येतं," चिंगूमावशी म्हणाली.

"धाकटीची वाट दरवर्षी थोडी सरकते. सेहेचाळीस वर्षांतून एकदा ती अशी काठाकाठानं जाते, तीन वर्षं. त्या तीन वर्षांत काहीलभर गूळ आटेल एवढा वेळच मिळत नाही. कुणाच्याही हाताला नाही. गेल्या वर्षी ती बारा पळं लपली असणार. यंदा पंचवीस." सहा संथ श्वासांचं एक पळ आणि साठ पळांची एक घटिका; काहीलभर पाकाला निदान घटिकाभर तरी लागे.

"आणि पुढच्या वर्षी?" अनसाक्कांनी विचारलं.

"पुढच्या वर्षीपासून वाढत जाईल. जिच्या हातात पळी असेल तिची वडी पहिल्याच वर्षी लोण्यासारखी होईल. आणि दर वर्षाला आणखी घट्ट."

हे बोलून झाल्यावर मी काय बोलले ते माझ्या लक्षात आलं. अनसाक्का सासूबाईंच्या पहिल्या कोनाड्याकडे पाहत होत्या.

"सासूबाई गेल्या ते बरं झालं," शेवटी त्या म्हणाल्या. "हे त्यांच्यासमोर बोलली असतीस तर दुर्बिणीसकट दरीत ढकललं असतं तुला."

चिंगूमावशी मात्र खाली बसली. पदरानं घाम टिपला.

"माझी आजी," ती म्हणाली, "त्या तिसऱ्या वर्षानंतर चौदा वर्षं जगली. एकदाही चुलीवर काही ठेवलं नाही. म्हणायची, माझा हात पातळ. गाव अजून आमच्या घराला पातळ्यांचं घर म्हणतं. माझ्या लग्नात व्याह्यांनी आमटी ढवळून बघितली होती." मग ती उठली आणि दाराकडे गेली. "अनसे, तो कागद जपून ठेव," ती जाता जाता म्हणाली. खुंटी बघायची ती विसरली.

"कागद बघून गाव ऐकणार नाही," अनसाक्का म्हणाल्या. "गावाला वडी लागते. पंचवीस पळांत काहील उकळतसुद्धा नाही."

चुलीशेजारी एक दगड होता आणि त्यावर रीत कोरलेली होती. मी तो मजकूर सकाळीच कागदावर उतरवून घेतला होता. तीनच ओळी होत्या: चूल हीच. पळी हीच. वेळ धाकटीची.

"यात काहील कुठे आहे?" मी विचारलं.

अनसाक्कांनी कागद हातात घेऊन दोनदा वाचला. मागची बाजूही पाहिली.

"काहील आपली ठेवतात," त्या म्हणाल्या. "एवढ्या गावाला लागते म्हणून."

"लहान भांडं घ्यायचं. पातळ पत्र्याचं, शेरभर माल मावेल असं. एवढ्या मोठ्या जाळावर पंचवीस पळांत आटेल. आपण आधी करून पाहू."

दुसऱ्या दिवशी त्यांच्या घरच्या चुलीवर आम्ही चार वेळा करून पाहिलं. वीतभर तोंडाची एक तवली निवडली. घटिकापात्र म्हणजे तळाला भोक पाडलेली तांब्याची वाटी. पाण्यावर सोडली की घटिकेत बुडते, आणि आतल्या साठ रेघांवर पळं मोजता येतात. तवलीतली वडी पहिल्यांदा एकोणतीस पळांना जमली, दुसऱ्यांदा सव्वीस, तिसऱ्यांदा तेवीस, चौथ्यांदा बावीस. आम्ही ढवळायला घरचा कालथा वापरला, कारण मानाची पळी वडीच्या दिवसापर्यंत भिंतीवरून काढायची नाही असा नियम होता. शेरभर वडी, म्हणजे गावात दर माणशी वीस गुंजा. गुंजा म्हणजे सोनाराकडच्या लाल बिया. वीस गुंजा म्हणजे एक लहान घास. मी हिशेब स्वच्छ करून विसोबा महाजनांकडे नेला.

विसोबा ओसरीवर डोक्याला तेल लावून घेत होते. लावत होत्या त्यांच्या बायको.

"तेल लावलं की ओघळून पटकन खाली येतं," विसोबांनी खुलासा केला. "कानात जात नाही."

मी ताट-लिंबू दाखवलं. रेघ दाखवली. दर माणशी वीस गुंजा दाखवल्या. विसोबांनी सगळं नीट पाहिलं.

"बाई," ते म्हणाले, "तुमचं गणित माझ्या डोक्यात जायचं नाही. एवढंच सांगा, डोक्यावर किती?"

"शून्य."

"मग तवली घ्या, वाटी घ्या, चमचा घ्या. माझी हरकत नाही."

"आणि गाव उपाशी राहिलं तर?" त्यांच्या बायकोनं विचारलं.

"गाव घरी जाऊन जेवेल. डोकं माझं आहे."

वडीच्या दिवशी आभाळ निरभ्र होतं. दुर्बीण मी अंगणात आणून लावली होती, शेजारी पाण्याचं घंगाळ आणि त्यात सोडायला घटिकापात्र. माझ्या हातात पांढरं फडकं होतं: धाकटी दिसेनाशी झाली की वर करायचं, दिसली की खाली. माणसं भिंतीवर, पायऱ्यांवर, झाडांवर बसली होती. मधोमध तीन पुरुष आरामात झोपतील एवढी चूल आणि तिच्यावर दोन लोखंडी गजांवर ती वीतभर तवली. मागच्या ओळीतून एकानं विचारलं, "फोडणी झाली की मग काहील येणार काय?"

धाकटी थोरलीच्या तांबूस काठाला टेकली. लहान होत होत तिची कोर झाली, कोरीचा ठिपका झाला.

एक नियम सांगायचा राहिला. धाकटी लपलेली असताना कुणी बोलायचं नाही आणि कुणी हसायचं तर मुळीच नाही. तिला वाटतं आपल्यालाच हसतात, आणि ती आणखी वेळ बसते. त्यासाठी म्हातारी माणसं पोरांची तोंडं धरून बसतात.

ठिपका गेला. मी फडकं वर केलं आणि पात्र पाण्यात सोडलं. जाळ भडकला. अनसाक्कांनी भिंतीवरून मानाची पळी काढली, दोन्ही हातांनी पेलली आणि तवलीत घातली.

ती आत गेली नाही.

तवलीचं तोंड वीतभर होतं. पळीचं तोंड वीतभर आणि वर दोन बोटं. मी कोठीतली प्रत्येक वडी मोजली होती, घटिकापात्र तीन वेळा तपासलं होतं, जाळाची उंची घेतली होती. पळी चार महिने माझ्या डोळ्यांसमोर भिंतीवर टांगलेली होती आणि मी तिचं माप घेतलं नव्हतं.

अनसाक्कांनी पळी आडवी करून पाहिली. मग तिरकी. मग तवलीवर झाकणासारखी ठेवून पाहिली. भिंतीवरच्या माणसांचे खांदे हलायला लागले. एका म्हाताऱ्यानं नातवाचं तोंड सोडून स्वतःचं धरलं. अनसाक्कांनी माझ्याकडे पाहिलं. मी तोंड उघडलं आणि मिटलं, कारण बोलायचं नव्हतं. पात्रात दोन पळं भरली होती.

मग अनसाक्कांनी कमरेला पदर खोचला, फडक्यानं तवली उचलली आणि तिच्यातलं मिश्रण सरळ पळीत ओतलं. पळी खोल नव्हती, मोठ्या बशीसारखी होती. मावलं तेवढं मावलं, बाकीचं तवलीसकट त्यांनी बाजूला ठेवलं. आणि पळीच जाळावर धरली.

हे बरोबर होतं. चूल हीच होती, पळी हीच होती. फक्त आता ढवळायला काही नव्हतं. त्यांनी डाव्या हातानं दांडा काखेत आवळला, उजवा हात लांब केला आणि माझ्या कमरेची मोजपट्टी उपसून घेतली. चंदनाची होती, विद्यापीठानं दिलेली, तिच्यावर बोटाचे आठ-आठ भाग कोरलेले. ती त्यांनी पाकात बुडवली आणि ढवळायला लागल्या.

सात पळांना पळी थरथरायला लागली. पुरुषभर लोखंड, टोकाला माल, आणि साठीच्या बाईची एक काख. पाक काठाशी येऊन हेलकावला. आठ पळांना पळीच्या तोंडातून एक थेंब जाळात पडला आणि चर्र झाला. सगळ्या अंगणात तेवढाच आवाज.

गर्दीतून चिंगूमावशी उठली. चुलीपाशी आली. लोक मान उंचावून पाहायला लागले, कारण तिला काही करायची गरजच नव्हती. नुसतं बसून राहिलं असतं तर संध्याकाळी पळी तिच्या घरी होती. तिनं दांड्याचं मागचं टोक उचलून आपल्या खांद्यावर घेतलं, पाय रोवले आणि उभी राहिली. पळी स्थिर झाली. अनसाक्कांनी मागे वळून पाहिलं. चिंगूमावशीनं हनुवटीनंच पुढे बघायला सांगितलं.

दहा. बारा. पाक फसफसला, खाली बसला. पंधरा. जाळाच्या धगीनं दोघींचे चेहरे लाल झाले होते. अठरा पळांना मोजपट्टीमागे पळीचा तळ दिसायला लागला. विसाला पाक कडेपासून सुटला. मी एक डोळा दुर्बिणीला लावून दुसऱ्यानं पात्र पाहत होते, आणि तिसरा असता तर तो चुलीवर लावला असता.

थोरलीच्या डाव्या काठावर सुईच्या टोकाएवढा पांढरा ठिपका उमटला. मी फडकं खाली केलं. पात्रातलं पाणी चोविसाव्या रेघेला टेकलं होतं.

"उतरव," चिंगूमावशी म्हणाली. चोवीस पळांतला तो पहिला शब्द. लगेच सगळं अंगण एकदम खोकलं, नाकं शिंकरली, आणि अडवून धरलेलं सगळं हसून घेतलं.

परातीच्या मधोमध अनसाक्कांनी वडी थापली. मोठ्या परातीत ती तळहाताएवढी दिसत होती. ती जरा निवू दिली, तेवढ्यात विसोबा चौरंगावर येऊन बसले. तेलानं डोकं चकाकत होतं. डोळे त्यांनी आधीच मिटले होते.

"धर गं तू पण," अनसाक्का चिंगूमावशीला म्हणाल्या.

"मी कशाला? तुझी वडी."

"माझ्या काखेत पेटका आलाय."

दोघींनी दोन बाजूंनी परात धरली आणि विसोबांच्या डोक्यावर उपडी केली. गाव मोजायला लागलं. एक. दोन. तीन.

"पडली का?" विसोबांनी विचारलं.

"नाही. बोलू नका."

नऊ. दहा. गेल्या वर्षी कुणी मोजायच्या फंदात पडलंच नव्हतं. चौदा. पंधरा. मी परातीखाली वाकून पाहत होते. वडी हलत नव्हती. सोळा.

सतराला विसोबांच्या टाळूवर टपकन एक थेंब पडला.

मोजणं थांबलं. सगळ्यांना दिसलं होतं. परात मात्र दोघींनी तशीच धरून ठेवली होती.

विसोबांनी डोळे न उघडता हात वर केला. बोटानं थेंब टिपला आणि जिभेवर ठेवला. बराच वेळ चव घेतली. या बाबतीत गावात त्यांच्याइतका अनुभव कुणालाच नव्हता.

"खारट आहे," ते म्हणाले. "घाम आहे हा. मोजा."

अठरा. एकोणीस. वीस.

परात सुलटी झाली तेव्हा विसोबांच्या बायकोनं आधी त्यांचे दोन्ही कान तपासले. मग अनसाक्का चौरंगाच्या कडेवर बसल्या आणि पदरात तोंड घालून रडल्या, आणि चिंगूमावशी त्यांच्या काखेला तेल चोळत म्हणाली, "पळी तुझ्याकडेच राहू दे बाई. आमच्याकडे ठेवायची म्हणजे भिंत पाडावी लागेल."

"पुढच्या वर्षी लोण्यासारखी होणार आहे," अनसाक्का पदरातून म्हणाल्या. "मागचं टोक तूच धर."

"धरीन. पण गावाला सांगायचं."

"काय?"

"आजीचं."

अनसाक्कांनी पदर बाजूला केला. चौरंगावरच उभ्या राहिल्या आणि सगळ्या अंगणाला ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं की पातळ्यांचा हात कधीच पातळ नव्हता. धाकटीची वाट काठाकाठानं होती, आणि ज्याला पटत नसेल त्यानं वेणूबाईकडे ताट-लिंबू घेऊन यावं. आमच्या सासूबाईंचा हातही, त्या म्हणाल्या, इतरांसारखाच होता. हे शेवटचं वाक्य त्यांनी कोठीकडे पाठ करून म्हटलं.

वाटणीला सोनाराला बसवलं. एवढ्या बारीक वाटणीला गावात दुसऱ्या कुणाचा काटा चालणार नव्हता. वडीचं वजन भरलं अकरा तोळे सात मासे, म्हणजे एक हजार एकशे बारा गुंजा. माणसं तीनशे सत्तर, कोठीचा एक वाटा धरून तीनशे एकाहत्तर वाटे. सोनारानं काट्याच्या एका पारड्यात तीन गुंजा ठेवल्या आणि दुसऱ्यात सुरीनं वडीचा कण सरकवायला सुरुवात केली. लोक रांगेनं येत होते, बोटाच्या टोकावर कण घेत होते आणि डोळे मिटून उभे राहत होते. विसोबांनी आपला कण टाळूला लावून मग खाल्ला. रांग संपायला दिवस मावळला.

सगळ्यात शेवटी मी उभी होते. सोनारानं सुरी परातीवरून ओढली, काटा उचलला आणि स्थिर होईपर्यंत वाट पाहिली. मग एक बी काढून घेतली आणि पुन्हा वाट पाहिली.

"दोन," तो म्हणाला.